काटा मऊ असेपर्यंत

औंदा बांधाला करडई आली आहे. पेरली कुणी नाही. दोन वर्षांमागं काढणीत जे बी सांडलं तेच मातीत पडून राहिलं आणि हरभऱ्याच्या कडेनं आपलं आपण उभं राहिलं. गेल्या साली दोन-चार झाडं होती. औंदा वीस-पंचवीस पावलं ओळच्या ओळ. फुलं पिवळी होती तोवर पोपट यायचे. मग फुलं तांबडी झाली, वाळली, आणि आता फाल्गुनात बोंडं कडक होऊन टोचायला बसली आहेत.

कोंडाबाईचं रान आमच्या रानाला लागून. ती परवा बांधावरून ओरडली, "नाना, उपटा की ती अवदसा! हरभरा काढायला बाया यायल्यात, पोटऱ्या फोडून घेतील."

मी म्हणलो, "बायांना दुसरीकडून आण."

"दुसरीकडून म्हंजे कुठून, आभाळातून?"

ती बोलते तशीच. माझ्या बायकोची जन्माची जोडीदारीण, म्हणून तिचं मी ऐकून घेतो. पण करडईला हात लावू दिला नाही. का, ते तिला मालूम आहे. तिनं तोंड फिरवलं आणि पदरानं नाक पुसलं.

आता करडई कुणी पेरत नाही. सोयाबीन निघालं की हरभरा, आणि तेल दुकानातून पिशवीत. आमच्या शिरूर अनंतपाळकडं पूर्वी ज्वारीच्या चारी कडेनं करडई असायची, कारण काट्याला भिऊन जनावर आत शिरत नाही. ज्यानं ती काढली नाही त्याला एक गोष्ट सांगावी लागेल, नाहीतर पुढचं कळणार नाही. करडई उन्हात काढता येत नाही. पानाला काटा, बोंडाला काटा. ऊन चढलं की तो सुईवाणी कडक होतो आणि कापडातून आत जातो. म्हणून दव असतं तेव्हाच रानात जायचं. दवानं काटा मऊ पडतो. तांबडं फुटल्यापासून ऊन अंगावर येईपर्यंत, तेवढाच वेळ. तेवढ्यात निघेल तितकं काढायचं, ढीग घालायचा, वर दगड ठेवायचे आणि घर गाठायचं. करडईच्या दिवसांत माणूस घड्याळ बघत नाही, बोटानं काटा दाबून बघतो.

मी जन्मभर काटा दाबून बघितला. माणसाची नाडी कधी दाबून बघितली नाही.

आमची लेक संजी पिच्चर काढते. असं म्हणलं की लोक विचारतात, हिरो कोण? हिरो नाही. गाणं नाही. मारामारी नाही. ती नांदेडला असते, पोरांना शिकवते आणि सुट्टीत कॅमेरा घेऊन फिरते. तिचा एक पिच्चर मी बघितला होता. किती तरी वेळ नुसती भिंत. भिंतीवर ऊन सरकतं आणि मागं कुणीतरी भांडी घासतं. झालं. मी म्हणलो, "संजे, भिंत तर आपल्या घरीबी हाय, फुकटात." ती हसली. हसली की ती थेट मायवाणी दिसते, खालचा ओठ दाताखाली धरून.

त्या काढणीच्या आधी दसऱ्याला ती आली आणि म्हणली, "नाना, औंदा थोडी करडई पेरा. मला मायचे हात घ्यायचेत कॅमेऱ्यात. लहानपणचं मला दुसरं काही आठवत न्हाई बघा. तिच्या हातातले काटे तेवढे आठवतात. तिथून सुरू करून मी कोण हाय ते बघायचंय."

मी म्हणलो, "तू कोण हाईस ते आधार कार्डावर लिवलंय की."

"ते सरकारला सांगायला, नाना. मला माझं मलाच कळायचंय."

मला काही उमगलं नाही. इतकं शिकून पोरीला स्वतःचा पत्ता लागंना, असं वाटलं. पण चुलीपुढून बायको म्हणली, "पेरा हो एक पट्टी. सोनं न्हाई मागून राहिली लेक, काटेच मागून राहिली."

म्हणून पेरली. नाहीतर त्या पट्टीत मी हरभराच टाकणार होतो.

फाल्गुनात संजी रजा काढून आली. तिचं ते तीन पायांचं घडवंचीवाणी काहीतरी रानात उभं राहिलं आणि वर कॅमेरा. पहिल्या दिवशी बायको फुलाफुलाची नवी साडी नेसून आली. करडईत! काट्यात! संजी म्हणली, "माय, रोजचं नेस की." तर म्हणली कशी, "न्हाई बाई. माझ्या माघारी लोक म्हणतील, हिला धडकं नेसायलाबी नव्हतं." आम्ही तिघं हसलो. दुसऱ्या दिवशी ती जुनं लुगडं नेसून आली आणि नव्या साडीचे ओढलेले धागे दुपारी सुईनं आत घालत बसली.

लातूरहून मी चामड्याचे हातमोजे आणले होते. एक जोड. ते मी घातले. ती हाताला जुन्या लुगड्याचं फडकं गुंडाळायची, वर सुतळी. तिनं मागितले नाहीत आणि मी दिले नाहीत. तेव्हा हे वेगळं वाटलंच नाही. इळा माझ्या हातात होता, ढीग घालायचं तिच्या, असं मी मनाशी म्हणलो असेन. पण काटा ढीग घालणाऱ्यालाच जास्त लागतो हे करडई काढणाऱ्या कुणालाही माहीत असतं. मलाही माहीत होतं.

त्या पहाटेचा वास अजून नाकात आहे. ओल्या करडईला थोडा तेलकट, थोडा कडवट वास येतो. किटलीत चहा असायचा, गार झालेला. पाय भिजून बधिर व्हायचे. कापताना आवाज कसा यायचा, कर्र, मग बायकोच्या बांगड्या, मग परत कर्र. कोंडाबाई पलीकडून ओरडायची, "अगं ए हिरोईन, पावडर लावली का न्हाई?" आणि ही म्हणायची, "लावली, मातीची." मी खेकसायचो, "हात चालवा, तोंड नको." मी असाच होतो. कामात बोललेलं मला खपायचं नाही. माझा बापही असाच होता. हे कारण म्हणून सांगत नाही, नुसतं सांगतो.

संजी विचारायची तिला आणि उत्तर द्यायचो मी.

"माय, तू सांग, पहिल्यांदा करडई कधी काढलीस?"

"तिला काय आठवतंय? मी सांगतो." आणि मी पुढं व्हायचो. माझ्या बापानं किती काढली, कुठल्या घाण्यावर तेल काढायला न्यायचो, सगळं सांगायचो. बायको म्हणायची, "तुम्हीच सांगा," आणि मागं सरायची. संजी म्हणायची, "नाना, जरा बाजूला व्हा." मी दोन पावलं बाजूला व्हायचो. मग कुणीतरी चुकीचं बोलेल या भीतीनं परत दोन पावलं पुढं.

दुपारी ओसरीवर बसून बायको माझे काटे काढायची. हातमोजे असूनही मनगटाला शिरलेले असायचे. सुई, जरासं खोबरेल, आणि तिचा अंगठा. अंगठ्यानं कातडं दाबायची आणि काटा वर यायचा. काटा निघेपर्यंत श्वास धरून असायची, निघाला की सोडायची. माझे झाले की स्वतःचे. स्वतःचे काढताना डाव्या हाताची सुई नीट चालायची नाही. मी म्हणलो नाही, आण इकडं, मी काढतो. मी पानाला चुना लावत बसायचो.

आता दुपार झाली की तीच ओसरी. बसतो. बाजेची सावली सरकते ती बघतो. संजीच्या पिच्चरमधल्या भिंतीवाणी. मी हसलो होतो त्या भिंतीला. मागं भांडी घासणारं कुणी असलं तर भिंत बघवते. कुणी नसलं की मग कळतं त्या पिच्चरमध्ये काय होतं.

ती त्याच साली श्रावणात गेली. सकाळची वेळ. ज्वारी निवडायला बसली होती, सूप मांडीवर. मी गोठ्यातून आलो तर भिंतीला टेकून होती. म्हणलो, "झोपलीस का काय?" सूप तसंच होतं, ज्वारी एक दाणा सांडली नव्हती. डॉक्टर म्हणले, हृदय. म्हणले, आधी काही तक्रार होती का?

मी म्हणलो, "एका शब्दानं बोलली न्हाई."

आणि मग तेच सगळ्यांना सांगत राहिलो. दहाव्याला सांगितलं. कंधारहून तिचा धाकटा भाऊ आला, गळ्यात पडून रडला, म्हणला, "दाजी, काहीच कसं म्हणली न्हाई हो?" मी त्याच्या पाठीवर हात ठेवून सांगितलं, "पाव्हणं, तुमची बहीण लई मुकी. एका शब्दानं बोलली असती तर खांद्यावर घालून लातूरला नेली असती." लोक मान हलवायचे. बायका म्हणायच्या, पुण्यवान, कुणाला तकलीफ दिली नाही. मला ते ऐकून बरं वाटायचं. खोटं बोलत होतो असं नाही. मला तसंच वाटत होतं. मला खरंच आठवत नव्हतं.

हार घालायला फोटो नव्हता. लग्नातल्या एका फोटोत ती आहे, पण पदर हनुवटीपर्यंत. शेवटी आधार कार्डावरचा मोठा करून घेतला. फोटोवाल्यानं आपल्या मनानं तिला निळं रेशमी लुगडं नेसवलं आणि केसांत गजरा घातला. घरी आणला तर कुणीतरी पाटलीणबाई भिंतीवर बसल्यावाणी दिसायला लागली. डोळे भेदरलेले. कार्ड काढताना तिथल्या पोरानं "हलू नका" म्हणलं होतं, ती भीती तशीच राहिली. संजी त्या फोटोपुढं उभी राहिली आणि म्हणली, "नाना, ही कोण?" मीच पोरीला म्हणलो होतो, कार्डावर लिवलंय म्हणून.

तेव्हा मला पहिल्यांदा त्या कॅमेऱ्याची आठवण झाली. म्हणलो, "तू एवढं पंधरा दिवस काढून राहिली होतीस, त्यात असंल की ती. दाखव."

तिनं दाखवलं. मी दिवसभर बघितलं. हात. पाय. बांगड्या. ओलं लुगडं कमरेला खोचलेलं. सुई आणि अंगठा. तो अंगठा मी हजारात ओळखीन. पण तोंड कुठं? जिथं संजीनं तोंड घ्यायला कॅमेरा वर केला तिथं मी. मी सांगतोय. मी बोट दाखवतोय. माझ्या खांद्यामागं पदराचा एक कोपरा हलतोय. मी लेकीवर ओरडलो, "असला कसला पिच्चर, माणसाचं तोंड न्हाई त्यात!" तिला बोलायला कारण होतं, पण बोलली नाही. मायचा गुण.

औंदा संक्रांतीला ती परत आली. तिळगूळ दिला आणि तशीच बसून राहिली. मग म्हणली, "नाना, एक तुकडा सापडलाय. नुसतं काळं हाय म्हणून मी कधी लावलाच नव्हता. पुसणार होते. पुसायच्या आधी ऐकला."

"काळं म्हंजे?"

"मी त्या दिवशी दुसरी बॅटरी आणायला सडकेवरच्या गाडीकडं गेले होते. कॅमेरा चालूच राहिला. मायनं त्यावर फडकं टाकलं."

दुपारी लिंबाखाली बसवून तिनं माझ्या कानात मोबाईलची ती ऐकायची दोन बोंडं घातली. पुढ्यात काळा चौकोन. आधी नुसता वारा. मग कर्र. मग बांगड्या. आणि मग मी.

"हाताचं फडकं काय केलंस?"

आणि मग ती. इतकी जवळ, की मी मान वळवली.

"मशिनीवर टाकलं. दव पडून राहिलंय की हो. पोरीचं महागामोलाचं सामान."

"आन हात?"

"हाताला काय झालंय, कुठं नवा हाय."

मग कर्र, कर्र. मधे एकदा "आई गं" असं हलकं. मग परत काम. मग बऱ्याच वेळानं ती म्हणली, "संजी बारीक झाली, न्हाई?" मी काही बोललो नाही. ती एकटीच म्हणली, "माझ्यावाणीच चालती. मागून बघितलं तर मीच चालल्यावाणी वाटतं." मी तेव्हाही काही बोललो नाही. मला वाटतं मी ऐकलंच नसेल. ती कुणाशी बोलत होती मग? स्वतःशी, नाहीतर त्या झाकलेल्या कॅमेऱ्याशी.

मग बांगड्यांचा आवाज थांबला.

"अवो, जरा बसू का? छातीत दडपल्यागत व्हायलंय."

आणि मी. माझाच आवाज, दुसऱ्या कुणाचा नाही.

"ऊन आलं की बस किती बसायचं ते. काटा कडक व्हायच्या आत एवढी पट्टी व्हायला पायजे. नाटकं नकोत."

एक पोपट ओरडतो.

"हाव," ती म्हणली.

मग बांगड्या. मग कर्र.

मी बोंडं काढली. लिंबाखाली कोंबड्या उकरत होत्या. संजी समोर बसली होती, गुडघ्यात हनुवटी घालून. म्हणली, "नाना, पिच्चर पुरा झालाय. हा तुकडा ठेवायचा का न्हाई ते तुम्ही सांगा. तुमचा तेवढा आवाज काढता येतो का बघितलं. न्हाई निघत. दोघांचं एकात एक गेलंय. काढलं तर दोघंबी जातात."

मी म्हणलो, "काढून टाक."

"हाव," ती म्हणली.

अगदी तसंच. त्याच सुरात.

ती नांदेडला जायला निघाली तेव्हा मी तिची पिशवी धरली. म्हणलो, "ते परत एकदा ऐकव." तिनं तो तुकडा माझ्या मोबाईलमध्येच घालून दिला. जाताना उंबऱ्यावर थांबली. म्हणली, "नाना, हे एकट्यानं मनाला लावून घेऊ नका. मी पन्नास पावलांवर होते. बॅटरी सापडंना म्हणून गाडीवाल्याशी भांडत बसले होते." मग म्हणली, "तुम्हाला म्हणलं होतं ना, मी कोण हाय ते बघायचंय. ते एवढंच हाय. त्या काळ्यात दोघं बोलून राहिलेत, त्या दोघांची मी. 'हाव' म्हणणारी तीबी मीच आन खेकसणाराबी मीच. माझ्या पोरांवर मी तुमच्यावाणीच खेकसते वर्गात."

ती गेल्यावर मी तो तुकडा किती वेळा ऐकला याला गणती नाही. खोटं कशाला सांगू, शिक्षा म्हणून नाही ऐकला. आवाजासाठी ऐकला. "संजी बारीक झाली, न्हाई?" एवढ्यासाठी. त्याला आता मी उत्तर द्यायचो. हाव, झाली बारीक. जेवत न्हाई नीट. आणि पुढचं वाक्य आलं की ऐकणं बंद करायचो. पण ते आधी बंद करता येईना. बोटाचा अंदाज चुकायचा, माझं खेकसणं अर्धं तरी कानावर पडायचंच.

हळूहळू एक गोष्ट ध्यानात आली. पंधरा दिवसांचं एवढं चित्र, त्यात ती मनानं, सलग, कुणी मधे न तोडता बोलली ती फक्त इथं. मी कापायच्या नादात होतो, कॅमेरा झाकलेला होता, लेक लांब होती. कुणी तिच्याकडं बघत नव्हतं म्हणून ती बोलली. माझी अब्रू वाचवायला हे पुसलं तर परत मी पुढं झालो आणि ती मागं सरली. मेल्यावरसुद्धा.

मी फोन लावला. म्हणलो, "संजे, ठेव. अन् गावात दाखव. नांदेडला कुठं दाखवायचं ते दाखव, पण आधी गावात."

"नाना, मामाबी येईल."

"म्हणूनच."

शाळेच्या वर्गात दाखवला, रविवारी दुपारी. अंधार पायजे म्हणून खिडक्यांना वाकळी लावल्या. त्यातली एक तिनंच शिवलेली, तिच्याच लुगड्यांची. बाहेर लख्ख ऊन, त्यामुळं टाक्यांच्या भोकांतून चांदण्यांवाणी उजेड आत येत होता. माणसं बरीच आली. कोंडाबाई पुढं. कंधारचा पाव्हणा माझ्या शेजारच्या बाकावर, पाय पोटाशी घेऊन, कारण बाक पोरांचे.

हात दिसले. बाया कुजबुजल्या. अंगठा दिसला. कोंडाबाई मोठ्यानं म्हणली, "ही तर आपली!" याही पिच्चरमध्ये भिंत आली तेव्हा दोघं तिघं जांभया द्यायला लागले. माझं ते बोट दाखवून सांगणं आलं तेव्हा हशा पिकला. कुणीतरी म्हणलं, "नाना, पुढाऱ्यावाणी हात करून राहिलेत." मीही हसलो.

मग काळं झालं.

"लाईट गेली!" मागून कुणीतरी ओरडलं.

"अरे पंखा चालू हाय की, येड्या."

मग बांगड्या वाजल्या, आणि वर्गातलं सगळं थांबलं.

मी डोळे मिटले नाहीत. मिटून काय फरक पडणार होता? तिचं बोलणं आलं, लोक हसले थोडे, "कुठं नवा हाय" ला. मग हसणं थांबलं. मग "अवो, जरा बसू का". मग मी. त्या अंधारात माझा आवाज केवढा मोठा वाटला. घरात, रानात तो कधी इतका मोठा वाटला नव्हता. मग पोपट. मग "हाव".

त्यानंतर काळं तसंच चालू ठेवलंय संजीनं, कापणी ऐकू येते, नुसती कर्र आणि बांगड्या, शेवटपर्यंत. शेवटी लांबून पायांचा आवाज येतो, कापड ओढल्यावाणी होतं आणि एकदम ऊन. पांढरं. त्यात एक क्षण तिचं तोंड आहे. अगदी जवळ, फडकं हातात, घामेजलेलं, कॅमेऱ्यात वाकून बघतंय. संजीला विचारतेय, "भिजलं न्हाई ना गं?" आणि संपतं.

ते तोंड मला माहीत नव्हतं. तो काळा तुकडा मी कधी शेवटपर्यंत ऐकलाच नव्हता.

वाकळी काढल्या. उजेडात सगळे एकमेकांकडं बघायला कचरत होते. कोंडाबाई उठली, माझ्यापुढं येऊन उभी राहिली. म्हणली, "नाना, तुम्ही तर म्हणत होता बोललीच न्हाई म्हणून."

मी म्हणलो, "बोलली होती. मी ऐकलं न्हाई."

एवढंच म्हणायला मला दोन वर्षं लागली. कंधारचा पाव्हणा चपला शोधत होता. सापडल्या, घातल्या. घरी वरण-बट्टी केली होती, त्याला आवडते म्हणून. तो जेवायला थांबला नाही. संजी त्याला सडकेपर्यंत सोडायला गेली. तो काय बोलला ते तिनं मला सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. त्याचा हक्क आहे.

लोक म्हणतात वेळेनं सगळं मऊ पडतं. मला तसं दिसलं नाही. दवानं मऊ पडलेला काटा उन्हात परत कडक होतो, तसंच हे. सकाळी जरा बरं वाटतं, दिवस चढला की टोचतं. मी चौथी शिकलेला माणूस, मला याच्या पुढचं काही कळत नाही. भिंतीवरचा तो फोटो मात्र उतरवला. संजीनं पिच्चरमधलं ते वाकलेलं तोंड कागदावर काढून दिलं. थोडं हललेलं आहे, धुरकट आहे, गजरा नाही, निळं लुगडं नाही. पण ओळखू येते.

आज तांबडं फुटायला मी बांधावर गेलो. दव दाट होतं. करडईच्या ओळीत हात घातला, हातमोजे न घालता. काटा मऊ होता, तळहाताला नुसता ओला लागला. एवढी ओळ कापायला मला फार वेळ लागला नसता. इळा कमरेला होता.

इळा काढून बाजूला ठेवला. बांधावर बसलो, डाव्या अंगाला जरा सरकून, उजवीकडं एका माणसाची जागा ठेवून. म्हणलो, "बस."

कोंडाबाई पलीकडून आली, तिनं बघितलं, आणि आज पहिल्यांदाच काही न बोलता पुढं निघून गेली. हळूहळू ऊन बोंडांवर आलं. मी उठलो नाही. बोट लावून बघितलं. काटा कडक व्हायला लागला होता.

होऊ दे.